पडद्याची मागची बाजू

"रीळ उलटं लावलंय तुम्ही," थोरली म्हणाली.

यंत्रापाशी बसलेला गृहस्थ हसला. जुन्या चित्रपटांच्या संग्रहालयातला हा माणूस. कायमचा हरवला म्हणून सगळ्यांनी सोडून दिलेला हा मूकपट त्याला एका बंद थिएटरच्या माळ्यावर सापडला होता, आणि तेव्हापासून स्वारी जमिनीवर नव्हती. "सरळच आहे हो, आजी."

"मग तो नायक डावीकडून कसा आला? उजव्या दारातून यायचा. पायपुसण्याला अडखळायचा, आणि भलत्याच घरी मागणी घालून बसायचा."

बोलता बोलता तिचं तिलाच उमगलं. हे चित्र तिने समोरून कधी पाहिलंच नव्हतं. शेजारी बसलेल्या सुनेने हसू दाबलं.

मुळात हे गाण्यांचं नाटक होतं आणि त्याची नायिका थोरली होती. तिच्या गाण्यासाठी लोक पुन्हा पुन्हा तिकीट काढायचे. मग कंपनीच्या मालकाच्या डोक्यात चित्रपटाचं वेड शिरलं. "मुक्या चित्राला गळा कशाला? चेहरा हवा," तो म्हणाला. थोरलीचा चेहरा चारचौघींसारखा. तोवर तिचे पोशाख सांभाळणारी धाकटी बहीण कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. थोरलीला वाईट वाटलं, पण परक्या बाईला देण्यापेक्षा घरातलीला दिलेलं बरं, असं म्हणून तिने मनाची समजूत घातली. कुठे श्वास घ्यायचा, कुठे ओठ मिटायचे, हे सगळं तिनेच धाकटीकडून घोटून घेतलं.

चित्र लागलं तेव्हा थोरलीला पडद्यामागे स्टुलावर बसवलं. मागूनही दिसावं म्हणून कापडावर पाणी मारलेलं असे. धाकटीचे ओठ हलले की थोरली गाऊ लागे. शेवटचं गाणं संपलं की ती वाद्यवाल्यांकडे तोंड फिरवून घटाघटा पाणी पिई. पडद्यावर शेवटची पाटी येई. मागून अक्षरं उलटी, आणि तिला वाचायची गरजही वाटत नसे. तेवढ्यात टाळ्यांचा कडकडाट होई. जवळच केस सारखे करत उभी असलेली धाकटी पुढे जाऊन लोकांना नमस्कार करी. थोरलीने बाहेर यायचं नाही, ही मालकाची सक्त ताकीद. आवाज दिसला की जादू गेली, असं तो म्हणे. थोरलीला ते पटलं होतं. निम्म्या टाळ्या चेहऱ्याच्या, निम्म्या आपल्या, अशी तिने मनाशी वाटणी करून टाकली होती.

पुढे बोलपट आले, कंपनी बुडाली, चित्राच्या प्रती कुठे गेल्या कुणास ठाऊक. धाकटीने काम सोडलं आणि मोठ्या घरात पडली. थोरली शिवणयंत्रावर वाकली. घरात ती गाण्याचा विषय काढी, तेव्हा मुलगा म्हणे, "आईचं आपलं काहीतरीच." सून नुसतं "हो हो" म्हणे. फक्त धाकटी, भेटेल तेव्हा तिचा हात हातात घेऊन म्हणे, "ताई, गेलं ते चित्र, बरंच झालं. कशाला आता ती आठवण?" केवढी ही साधी, असं थोरलीला वाटे. गेल्या वर्षी धाकटी वारली, तेव्हा थोरलीला आवरता आवरता घरच्यांच्या नाकी नऊ आले.

म्हणून संग्रहालयातून फोन आला, त्या गृहस्थाने गाण्यांबद्दल विचारायचंय म्हटलं, तेव्हा थोरलीचा आनंद गगनात मावेना. चित्र सापडलं, आता घरच्यांची तोंडं बंद होणार. आठवडाभर तिने मिठाच्या पाण्याच्या गुळण्या केल्या. न्हाणीघरात गळा साफ केला. सून वैतागली होती.

आता पडद्यावर धाकटी खिडकीत आली. तिचे ओठ हलले. थोरली पुटपुटल्यासारखी गाऊ लागली. एकेक शब्द त्या ओठांवर नेमका बसत होता. जिथे धाकटी श्वास घेई, तिथेच थोरली थांबे. सुनेचं हसू विरलं. ती एकदा पडद्याकडे, एकदा सासूकडे बघू लागली, आणि मग सासूकडेच बघत राहिली.

शेवटचं गाणं संपलं. थोरलीने या खेपेला मान फिरवली नाही. पाटी आली, सरळ, ठळक अक्षरांत.

"आपण जिला पडद्यावर पाहिलेत, तीच पडद्यामागून गात होती. आता ती आपल्या भेटीस येत आहे."

थोरलीने पाटी सावकाश वाचली. टाळ्या कुठे पडायच्या, ते तिला कुणी सांगायला नको होतं. आपल्या वाटणीच्या निम्म्याही कधी नव्हत्याच. आणि शेजारी उभं राहून केस सारखे करणाऱ्या धाकटीला हे रोज ठाऊक होतं. थोरलीच्या अंगाचा तिळपापड झाला. भांडायला माणूस उरलं नव्हतं, आणि त्याच माणसासाठी आपण वर्षभर टिपं गाळली, याची तिला चीड आली.

गृहस्थाने दिवा लावला. "काय बाई होत्या! रूपही त्यांचं, गळाही त्यांचाच. पुढच्या महिन्यात हे लोकांना दाखवायचंय. बहिणीच्या चाली तुमच्या कानावरून गेल्या असतील ना? दोन ओळी जरी गुणगुणलात, तरी आम्ही कुणाकडून तरी गाऊन घेऊ."

"सासूबाई," सून हळूच म्हणाली, "सांगा ना त्यांना. मी आहे तुमच्या बाजूने."

इतकी वर्षं थोरली याच एका वाक्याची वाट बघत होती. अख्खं गाणं गळ्याशी आलं होतं. तिने ते गिळलं.

"पाटीवर लिहिलंय ना, गाणारी तीच होती," ती म्हणाली. "ती तर गेली. आता हलवू दे तिला नुसते ओठ."