प्रेत हललं

"आता बघ हं. ही आली तुझी आई," बाबा लेकीच्या कानाशी पुटपुटले.

आली कसली, पडलेलीच होती. पडद्यावरच्या झोपडीत जमिनीवर एक बाई आडवी, गळ्यापर्यंत चादर आणि चादरीवर बादलीभर रक्त. साखरेच्या पाकात रंग कालवून ते बाबांनीच केलं होतं. सिनेमाचे मेकअपवाले ना ते! दुसरी नटी परवडेना, म्हणून प्रेताच्या कामाला त्यांची बायकोच निजवली.

बाळंतपणात गेलेली आई लेकीनं फक्त फोटोत पाहिली होती. हलती आई असली तर याच भिकार भयपटात. म्हणून आज तिनं हट्ट धरला होता.

थिएटर पोरांनी खच्चून भरलेलं. जुनापुराणा सिनेमा, पण दर वर्षी लागायचा आणि दर वर्षी हीच गर्दी. हात तुटून उडाला की टाळ्या, डोळा निखळला की शिट्ट्या. लेकीला नुसती चीड येत होती.

ती डोळे फाडून आईकडे बघत राहिली. एकदा, एकदाच पापणी हलू दे. पण छे!

तेवढ्यात पोटापाशी चादर टुणकन उडाली.

"हललं! प्रेत हललं!" सगळं थिएटर बोंबललं. या चुकीसाठीच तर सगळे यायचे.

"परत घ्यायला रीळ नव्हतं," बाबा म्हणाले. "पण चूक तिची नाही हं. ती श्वास रोखून पडली होती बिचारी. लाथ तू मारलीस."

लेक खुर्चीत मागे रेलली. म्हणजे आई हललीच नाही. एवढा हट्ट करून दिसलं काय, तर स्वतःचीच लाथ.

"पुन्हा! पुन्हा!" पोरं खुर्च्या बडवायला लागली. तिथला रिवाजच होता तो. ऑपरेटरनं तेवढा तुकडा परत लावला.

या वेळी तिनं फक्त चेहरा पाहिला. चादर उडाली आणि मेलेल्या बाईच्या ओठांचा कोपरा थरथरला. आई हसू दाबत होती.

"पुन्हा!" लेक ताडकन उभी राहून ओरडली. "पुन्हा लावा ना!"

पण पडद्यावर कुऱ्हाड निघाली होती, पोरं तिकडे वळली होती. ओरडणारी ती एकटीच उरली.

"ओ ताई, बसा की खाली," मागून कोणीतरी खेकसलं. "ती मेली कधीच. पुढचं बघू द्या."