‘कट’ म्हटल्यानंतर

निर्मात्याचं पत्र येऊन आठवडा झाला, तरी टूरेनं उत्तर दिलं नव्हतं. ‘म्हातारीच्या स्वयंपाकघरातल्या दृश्याचं शेपूट कापा, नाहीतर दुसरा संकलक बघतो,’ एवढाच मजकूर. स्टॉकहोममध्ये चित्रपट जोडता जोडता केस पिकले, पण निर्मात्याला नाही म्हणणं भिडस्त टूरेला कधी जमलं नव्हतं.

“अरे, कापून मोकळा हो ना!” दिग्दर्शिका सिग्ब्रिट वैतागली. “पटकथेत नाहीच ते. म्हातारीला कमी ऐकू येतं, मी ‘कट’ म्हटलेलं तिला कळलं नाही आणि आपला शहाणा कॅमेरामन कॅमेरा चालूच ठेवून बसला. मी तर तो तुकडा पाहिलासुद्धा नाही.”

“मग बघ.”

त्यानं संकलनाच्या टेबलावर फिल्म चढवली. म्हातारीनं बटाटे सोलून संपवले, सवयीनं दोन ताटल्या मांडल्या आणि थबकली. मग एक ताटली उचलून परत कपाटात ठेवली.

सिग्ब्रिटचा आवाज उतरला. “तिचा नवरा मार्चमध्येच गेला रे. पण तुझं काम जाईल, टूरे.”

“जाऊ दे. कुठं कापावं याची खात्री मला जन्मात वाटली नाही. इथं कापायचं नाही, एवढं मात्र कळतं.”

उभ्या उभ्याच त्यानं लिहिलं, ‘दृश्य राहील. दुसरा संकलक खुशाल बघा.’ कोट न घालताच तो जिना उतरला आणि पाकीट टपालपेटीत पडल्याचा आवाज ऐकूनच मागे फिरला.