सासूबाईंचा कौल

सासूबाईंच्या श्राद्धाला बदकापासून तांदळाच्या केकपर्यंत बारा पदार्थ मेइ-यिन दरवर्षी एकटी रांधायची. यंदा तिने नवऱ्याला विचारलं, "निम्मे विकत आणले तर?"

"आईलाच विचारू," म्हणत क्वो-तुंगने तसबिरीपुढे कौलाचे दोन ठोकळे टाकले. एक उलटा, एक सुलटा पडला तर होकार. तिन्ही वेळा दोन्ही पालथे पडले.

"बघ, नाही म्हणतेय. गेलेल्या माणसाचा शब्द मोडायचा नसतो."

मेइ-यिनने ओले हात पुसून ठोकळे उचलले. "सासूबाई, मग पुढच्या वर्षी तुमच्या लेकाच्या हातचं चालेल?"

तिन्ही वेळा होकार.

 

क्वो-तुंगने ठोकळे खणात टाकले. "गेलेल्या माणसाचं इतकं मनावर घ्यायचं नसतं गं."