पाठमोरी

पडद्यावर पुन्हा पाठच आली, तसे लोक ओरडले.

"आरं ज्योतीराम, तोंडं काय मुंबईत इसरून आलास व्हय?"

चाकणच्या बाजारात बरकतची कांद्याची वखार होती. दारं लावली की भरदुपारी अंधार व्हायचा, म्हणून ज्योतीरामने पडदा तिथेच बांधला. बाहेर बरकतचं तेलाचं इंजिन धडधडत होतं. त्याच्या विजेवर सिनेमाचं मशीन चालत होतं.

ज्योतीराम जवळच्याच गावचा. मुंबईला सिनेमा कंपनीत कामाला होता. गेल्या वर्षी आपल्या भागावर स्वतःचा माहितीपट करायला तो आला. पण कॅमेरा समोर धरला की बायका पदर ओढून वळायच्या आणि पुरुष लग्नातल्या फोटोसारखे ताठ व्हायचे. शेवटी तो लोकांच्या मागे गेला. बाजाराच्या वाटेवर चालणारी माणसं त्याने पाठीमागून टिपली. सबंध माहितीपट तसाच झाला.

पुढच्या पोत्यावर त्याचा गाववाला दत्तोबा बसला होता. फेटा धुतलेला. त्याची बायको रंभा दिवाळीत तापाने गेली. घरात तिचा एकही फोटो नव्हता. "रंभा आहे यात," असं ज्योतीराम बोलून गेला होता. तेव्हापासून दत्तोबाला एकच आस होती. तिचं तोंड एकदा बघायचं. तोंड दिसत नाही, हे सांगायचा धीर ज्योतीरामला झाला नाही.

पडद्यावर एक बाई चालू लागली. डोक्यावर पाटी, अंग जरासं उजवीकडे कललेलं, चाल झपाझप. वाटेत बाभळीची फांदी पडली होती. तिने ती पायानेच बाजूला सारली आणि न थांबता पुढे गेली.

बायकांत एकदम गलका झाला. दत्तोबाची शेजारीण छबूबाई, तिने तोंडाला पदर लावला.

दत्तोबाने तिच्याकडे वळून विचारलं, "कोन हाय ही?"

"अवं भावजी, असं काय करताय? आपली रंभा न्हाई का!"

नवऱ्यालाच बायको ओळखू आली नाही, याचं काय करावं ते कुणाला कळेना. पडद्यावरची बाई वळणाआड गेली. ज्योतीरामने मशीन थांबवलं आणि दत्तोबाजवळ येऊन बसला.

"चुकलं माझं, दत्तोबा. तिचं तोंड नाही घेता आलं."

दत्तोबाने डोळे पुसले आणि त्याचा हात दोन्ही हातांत धरला.

"तोंड माझ्या ध्यानात हाय रं. पर सगळा जलम ती माझ्या मागनं चालली. कशी चालती, ते मला ठावंच न्हवतं. लई उपकार केलंस बाबा. पुन्यांदा लाव. आता मी तिच्या मागनं जातो."