एका तासाला किती

"चुकलंय. परत कर," मावशी म्हणाली आणि तिने कागद सातवीतल्या भाचीकडे सरकवला.

पोरीचा चेहरा पडला. हे काही पुस्तकातलं गणित नव्हतं. ट्रक चालवणाऱ्या बाबांनी सकाळी दहाला, चहाला थांबल्यावर, फोनवर घातलेलं होतं.

"दोन तासांत नव्वद किलोमीटर आलोय. दोनशे सत्तर राहिलेत. गाडी याच वेगाने येणार. तर मी घरी किती वाजता? बरोबर त्या वेळेला दारात उभी राहा. नाही दिसलीस तर तसाच मागे फिरेन हं!"

तिने एकमान पद्धतीने लगेच काढलं होतं. एका तासाला पंचेचाळीस, म्हणजे अजून सहा तास, म्हणजे चार वाजता. चारला ती केस विंचरून दारात जाऊन उभी राहिली. बाबा काही आले नाहीत. आईही त्याआधीच काकांबरोबर घाईघाईने बाहेर गेलेली, काहीतरी आणायला असेल. आली ती मावशी, शाळेतून अर्ध्यातूनच.

मावशी गणिताची बाई. उत्तरापुढे 'किलोमीटर' लिहायचं राहिलं तर सख्ख्या भाचीचाही अर्धा मार्क कापायची. ती चूक म्हणाली म्हणजे काळ्या दगडावरची रेघ.

"अगं, पण एका तासाचं आधी काढलंय ना मी!"

"काढलंस. तरी चुकलंय कुठेतरी. सावकाश बघ. घाई काय आहे?"

घाई कशी नाही? चुकीच्या वेळेला दारात गेलं तर बाबा जन्मभर चिडवतील. तिने परत केलं. पुन्हा चारच आले. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. एवढं सोपं गणित, आणि तेही बाबांनी घातलेलं, आपल्याला येऊ नये! तिला स्वतःचा भयंकर राग आला. शेवटी कशाला तरी कशाने तरी गुणून तिने रडवेल्या आवाजात विचारलं, "नऊ?"

मावशीने कागदावर बरोबरची खूण केली. ती जरा वाकडीच आली.

"शाबास. नऊ. आता जा, तोंड धू आणि दोन घास खाऊन घे."

नऊ! म्हणजे बाबा चुकले नव्हते, आपणच चुकलो होतो. अजून भरपूर वेळ होता. ती टुणकन उठून मोरीत पळाली.

नळ बंद केला तेव्हा दारातून शेजारच्या काकूंचा दबका आवाज आला.

"पोरीला सांगितलंस?"

"नाही हो. माझी जीभच रेटेना. ताई येऊ दे हॉस्पिटलमधून," मावशी म्हणाली. "आणि काकू, तिचं उत्तर पहिल्यापासून बरोबर होतं. भावजी चारलाच पोचले असते."