कोरा उंबरा

गावाहून लेकाकडे शहरात राहायला आलेल्या तात्यांनी वेलचेरीच्या त्याच्या इमारतीत कुणाचं तरी दार बडवल्याची तिसरी तक्रार आली, तेव्हा संदेश बापावर कडाडला, "लोकांची दारं कशाला वाजवता सकाळी सकाळी?"

"ज्याच्या दारात सकाळची रांगोळी, ते इथलं कोलम, दिसत न्हाई, त्याचंच वाजवतो," तात्याही तडकले. "आपल्या अठरा उंबऱ्यांच्या वाडीत ज्या घरातनं धूर निघत न्हाई, तिथं जाऊन बघत्यात का न्हाई? तुझी आई त्यानंच वाचली हुती. विसरलास?"

"ही वाडी नाही, तात्या! इथं कुणी कुणाच्या दारात डोकावत नाही. पुन्हा तक्रार आली तर पहिल्या गाडीनं गावी धाडीन."

बुधवारी समोरच्या वसंताबाईंच्या उंबऱ्यापुढची फरशी कोरीच होती. बाई एकट्या राहायच्या. पिठाची रांगोळी कधी चुकवायच्या नाहीत. तात्यांनी दारावर मूठ उगारली, एवढ्यात संदेशनं दंड धरून त्यांना फरफटत आत आणलं.

शनिवारी दार फोडावं लागलं. बाई बाथरूममध्ये पडलेल्या होत्या. डॉक्टर म्हणाले, "पडल्यावर दोन दिवस तरी जीव होता."

"अरेरे! कुणाला कळलंसुद्धा नाही," संदेश हळहळला.

तात्यांनी सगळ्यांदेखत त्याचा दंड आवळला.

"मला कळलं हुतं. बुधवारीच. तिच्या दारात उभा हुतो मी, आन् तू मला असंच धरलं हुतंस."