द्राक्षाच्या रसातली नासपती

"उकळी न्हाई येऊ द्यायची, आई. गॅस बारीक कर," ऋषिराज म्हणाला आणि मनुबाईंनी निमूटपणे बटण फिरवलं.

पातेल्यात काळ्या द्राक्षांचा रस, साखर आणि दालचिनीचा तुकडा. त्यात सोललेल्या नासपती देठासकट बुडवलेल्या. फळं तरंगू नयेत म्हणून वर बशी पालथी घातलेली. ऋषिराज मधूनच बशी उचलून एकेक नासपती अलगद फिरवायचा, सगळ्या बाजूंनी रंग चढावा म्हणून.

पुण्याच्या मोठ्या हॉटेलात तो गोडाचे पदार्थ करायचा. आता कराडजवळच्या मलकापुरात स्वतःचं दुकान थाटायचं म्हणून परत आला होता. वडिलांना, नाथाजींना, हे काही पटत नव्हतं. भावकीतली पोरं फौजेत गेली, कारखान्याला लागली आणि आपला पठ्ठ्या स्वयंपाकघरात रमला, हे त्यांचं दुखणं होतं.

आज संयोगिताला बघायला उंब्रजचे पाहुणे जेवायला येणार होते. धाकटी बहीण संयोगिता बँकेत नोकरीला. हुशार पोरगी, पण साधा चहा जमायचा नाही.

"सगळं पोरीनंच केलंय म्हणायचं," नाथाजींनी दारातूनच बजावलं. "फौजी घर हाय त्यांचं. पोरगा चुलीपाशी बसतोय हे कानावर गेलं तर सोयरीक मोडंल."

पोरीनंच केलंय, असं सगळ्याच घरांत म्हणतात. ऐकणारेही मान डोलावून सोडून देतात. त्याला कुणी खोटं बोलणं समजत नाही.

"म्हण की आई. मला काय त्याचं," ऋषिराज हसून म्हणाला. मनुबाईंना मात्र वाईट वाटलं.

पाहुणे आले. आक्काताई, त्यांचा मुलगा विश्वजित आणि सुट्टीवर आलेली मुलगी अंकिता. आक्काताईंचे मालक सुभेदार होते. अंकिता तर कॅप्टन, त्यामुळे नाथाजी तिच्याशीही जरा ताठ बसूनच बोलत होते.

मटण-भाकरी झाली आणि गोड आलं. घट्ट सायीत बसवलेली अख्खी नासपती, लालभडक, चकाकणारी. अंकिताचा चमचा न दाबताच आत गेला. पहिला घास घेऊन तिनं डोळेच मिटले.

"कुणी केलं हे?" आक्काताईंनी विचारलं.

"कुणी म्हंजे? आमच्या संयोगितानं," नाथाजी म्हणाले.

"व्हय? कसं केलंस गं?"

संयोगितानं मान खाली घातली. "पाण्यात... शिजवलं."

विश्वजितनं ओठ दाबून हसू आवरलं. नाथाजींना ठसका लागला. सोयरीक हातची चाललीय हे मनुबाईंनी ओळखलं. पोरगी घाबरलीय, एवढं म्हटलं असतं तरी वेळ निभावून गेली असती. पण त्यांची नजर स्वयंपाकघराच्या दाराकडे गेली. खांद्यावर फडकं टाकून ऋषिराज उभा होता आणि कुणाच्या ताटलीत किती उरलंय ते मान उंचावून बघत होता.

"खोटं कशाला बोलू, आक्काताई? माझ्या ल्योकानं केलंय. ऋषिराजनं. मटण बी त्याचंच, भाकऱ्या बी त्याच्याच. त्याच्यासारखा हात सगळ्या कराडात कुणाचा न्हाई. तुमी सोयरीक करा न्हाईतर करू नका, पण मी माझ्या पोराला लपवणार न्हाई."

नाथाजींनी कपाळाला हात लावला. संयोगिता आईकडे बघतच राहिली.

आक्काताईंनी शेवटचा घास संपवला, ताटली खाली ठेवली आणि पदराला हात पुसले.

"ठाऊक हाय की आमास्नी," त्या म्हणाल्या. "चहा बी येत न्हाई, सगळं भाऊच करतो, असं तुमच्या लेकीनं विश्वजितला पयल्याच फोनला सांगितलंय. तवाच ती आमाला पसंत पडली. तिला बघायचं काय राहिलंय आता?"

त्यांनी अंकिताकडे पाहिलं. चमचा तोंडात तसाच ठेवून अंकितानं मान हलवली. आक्काताईंनी पिशवीतून नारळ काढला, त्या उठल्या आणि संयोगिताच्या पुढून जाऊन स्वयंपाकघराच्या दाराशी थांबल्या.

"धर रं बाळा," नारळ ऋषिराजच्या हातात देत त्या म्हणाल्या. "आज आमी आलोय ते आमच्या कॅप्टनसाठी मुलगा बघायला."